गालाला लावलेला कप

४ जानेवारी

भिंगरीस आजीचा आशीर्वाद.

अक्षर बघून भलत्याच घरचं पत्र आलं असं समजून परत टाकू नकोस. मीच आहे. माझा जुना लेखनिक, तिसऱ्या मजल्यावरचा पेन्शनर, मुलाकडे राहायला गेला. बरंच झालं म्हणायचं. मी ‘गुडघा ठणकतोय’ म्हटलं की तो ‘प्रकृती किंचित अस्वस्थ’ लिहायचा. मी ‘तुझा मामा आळशी आहे’ म्हटलं की ‘मामा कार्यमग्न आहेत’. हे मला कसं कळलं ते विचारू नकोस.

आता जिन्यापलीकडच्या खोलीत एक बाई राहायला आली आहे. एकटीच. सकाळी शर्टांना काजं करते, दुपारी माझ्याकडे येऊन बसते. पहिल्या दिवशी नाव सांगितलं होतं, ते मी विसरले. आता परत विचारायची लाज वाटते, म्हणून लेखणी म्हणते. हे लिहू नकोस गं. लिहिलंस ना? बघ भिंगरे, अशी आहे. तोंडातून पडेल ते कागदावर. मला हवी होती तशीच मिळाली.

पण पोटातलं ओठावर येऊ देत नाही. कुठून आलीस विचारलं तर ‘लांबून’. लांबून तर कावळेही येतात. नवरा? ‘होता.’ मुलंबाळं? तर पडलेली सुई शोधायला लागली. सुई तिच्या हातातच होती. हेही लिही.

एक मात्र खरं, ती आल्यापासून मला दुपारची झोप लागते. दूध कोमट करून देते, मी पिते आणि आडवी होते. तुझे आजोबा गेल्यापासून मी दुपारभर छताशी बोलत पडायचे. आता छताला एकटं वाटत असेल.

खालचा चष्मेवाला अजून माझ्याच स्वयंपाकघरात डबा खातो. त्याचं दुकान खणाएवढं, त्यात चष्मे मावतात, डबा नाही. जगाला चष्मे विकतो आणि स्वतःचा डोक्यावर ठेवून घरभर शोधतो.

तू पिक्चर काढते आहेस असं तुझी आई म्हणाली. कसला ते लिही. फोन करू नकोस, कानाला लावला की आत माशी अडकल्यासारखं होतं.

(आजीचा अंगठा. शाई लेखणीची.)


१५ जानेवारी

प्रिय आजी,

नवं अक्षर फार सुंदर आहे, लेखणीबाईंना सांग.

पिक्चर म्हणजे शॉर्ट फिल्म, वीस मिनिटांची. गोष्ट एका पाळणाघराची. आया कामावर जातात, मुलं एका बाईकडे ठेवतात. एक दिवस एक मूल दुपारी झोपलं ते संध्याकाळी उठेचना. दवाखान्यात धावाधाव, कसंबसं वाचलं. मग बाईच्या फडताळात सर्दीच्या औषधाची बाटली सापडली, ज्यानं गुंगी येते ती. मुलं गप्प पडून राहावीत म्हणून ही पाजते, असं सगळे म्हणाले. सिद्ध काहीच झालं नाही. पण लोकांनी पाळणाघराच्या काचा फोडल्या आणि ती बाई गाव सोडून गेली.

हे खरं घडलेलं आहे, काही वर्षांपूर्वी. मी त्या आयांना भेटले. बाईचा फोटो कुणाकडे नव्हता, पण एक गोष्ट प्रत्येकीनं सांगितली: दुधाचा कप ती आधी स्वतःच्या गालाला लावून बघायची, मगच मुलाला द्यायची. आजी, माझ्या अंगावर काटा आला. इतकं प्रेमळ आणि त्याच कपात ते! आमच्या नटीकडून मी तेवढं एकच दहादा करून घेतलं.

शेवटच्या शॉटमध्ये फक्त हात दिसतो. बाटली, चमचा, कप. चेहरा नाही. खरं तर हे कुणी पाहिलेलं नाही, पण प्रेक्षकाच्या हातात काहीतरी द्यावं लागतं. त्या मुलाची आई सकाळच्या तापाबद्दल काहीसं बोलली होती. तो प्रसंगही शूट केला होता, पण गोष्टीत बसेना म्हणून काढून टाकला.

लोकांना सांगताना मी म्हणते, निवाडा तुम्ही करा. तुला म्हणून सांगते, तिनंच केलं.

तुझी भिंगरी


२४ जानेवारी

भिंगरीस आशीर्वाद.

तुझं पत्र लेखणीनं वाचून दाखवलं. मध्ये तिचा घसा बसला, उठून पाणी प्यायली, मग पुढचं वाचलं.

वीस मिनिटांत माझी पालेभाजी निवडून होत नाही आणि तू तेवढ्यात एका बाईचा निकाल लावून मोकळी! त्या फडताळाचं ऐकून मला माझ्याच फडताळाची धास्ती वाटली. माझ्याकडे उंदराचं औषध आहे, आजोबांचं जुनं मलम आहे आणि एक बाटली अशी आहे की तिच्यात काय आहे ते मलाच ठाऊक नाही, वास घेतला की डोळ्यांत पाणी येतं. उद्या जिन्यात कुणाची मांजर मेली तर तू हातात कॅमेरा घेऊन येशील.

असो. तू मोठी झालीस, तुझं काम तुला कळतं. मला एवढंच सांग, ते मूल आता कसं आहे? सगळं लिहिलंस, तेवढंच राहिलं.

इकडे ठीक. लेखणी रोज दूध देते. द्यायच्या आधी कप आपल्या गालाला लावते, पोळेल म्हणून. माझ्या आईनंतर माझ्यासाठी कुणी असं केलं नव्हतं. लिहिलंस का गं? थांबलीस कशाला? लिही.

लिहिलं म्हणते.

(आजीचा अंगठा.)


३० जानेवारी

प्रिय आजी,

मूल बरं आहे, शाळेत जातं. माझं एडिटिंग संपत आलंय.

आता वाचणाऱ्या बाई, इथं थांबा. पुढचं तुमच्यासाठी आहे. मोठ्यानं वाचू नका.

कपाचं मी पत्रात स्पष्ट लिहिलं होतं. आजीनं ते ऐकलं असतं तर तिनं पुढचं सगळं पत्र त्यावरच लिहिलं असतं. तिनं तुमचं कौतुक लिहिलं. म्हणजे तुम्ही ते वाचून दाखवलंच नाही. वाक्य कुठून कुठपर्यंत गाळायचं हे घसा बसलेल्या माणसाला बरं सुचलं!

तुम्ही कोण आहात ते मला कळलं आहे. आणि माझी आजी, जिला वर्षानुवर्षं दुपारी डोळ्याला डोळा लागला नाही, ती तुमच्या हातचं दूध पिऊन झोपते आहे. मी तिला सावध करायचं ठरवलं तरी तुमच्याच तोंडून करावं लागेल, हे तुम्हालाही ठाऊक आहे.

मी बारा तारखेला येते आहे. त्याच्या आत खोली सोडा, मी कुणाजवळ चकार शब्द काढणार नाही. राहिलात तर त्या इमारतीतल्या एकेका दाराशी जाऊन सांगेन.

एक विचारते, रागानं नाही. त्या मुलाला दिलं होतंत का?

भिंगरी


५ फेब्रुवारी

भिंगरीस.

दचकू नकोस, चष्मेवाला लिहितो आहे. मांजरानं शाईत पाय बुडवून कागदावर नाचावं तसं त्याचं अक्षर आहे, म्हणजे असं मला लोक सांगतात. तो म्हणतो हे लिहिणार नाही. लिही बाबा, माझ्याच घरात डबा खातोस.

आता नीट ऐक. मला अक्षर येत नाही, पण म्हणून अक्कल गहाण ठेवलेली नाही. जन्मात कधी मी एकाच माणसाकडून पत्र ऐकलेलं नाही. आलेलं पत्र एकानं वाचलं की दुसऱ्याकडून ऐकते. जाणारं पत्रही पाकीट चिकटवण्याआधी दुसऱ्याला दाखवते. पेन्शनरची ‘किंचित अस्वस्थ’ प्रकृती मला याच चष्मेवाल्यानं सांगितली.

तेव्हा तुझं पाळणाघराचं पत्र मी दोनदा ऐकलं. लेखणीनं गालाचं गाळलं होतं, ते मला दुसऱ्या दिवशी जेवणाच्या वेळी कळलं. हातातला घास हातातच राहिला. आणि अजून एक कळलं. सकाळच्या तापाचं वाक्य तू एकदाच लिहिलंस, लेखणीनं ते दोनदा वाचलं होतं. मला वाटलं होतं, ओळ चुकली असेल.

घाबरले नाही असं कशाला सांगू? मला काय जीव नकोसा झालाय? त्या दुपारी दूध आलं तेव्हा म्हटलं, लेखणी, आज अर्धं तू पी, मला जड होतं. एक शब्द न बोलता प्यायली. मग दोघीही झोपलो. ती बसल्या बसल्या, हातात सुई धरून. आता सांग, औषध होतं की दुपार होती?

तरी मन राहीना. म्हणून मागच्या पत्रात मी मुद्दाम गालाचं सांगितलं. म्हटलं, स्वतःच्या गळ्यात दोर पडेल असं वाक्य ही लिहिते का बघू. लिहिलं तिनं. काना-मात्रेसकट, असं चष्मेवाला म्हणाला. मी मनात म्हटलं, चल, सुटलीस बाई.

पण परवा तुझं पत्र आलं. तिनं वाचायला घेतलं, ‘इथं थांबा’पर्यंत वाचलं आणि थांबली. पुढचं मनात वाचलं. माझं लक्ष तिच्या तोंडाकडे. तोंडावर काही नाही, धुतलेल्या पाटीसारखं. मग कागद घडी करून माझ्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, ‘पुढचं मला लिहिलंय. पण तुम्ही चष्मेवाल्यांकडून ऐकून घ्या. नाहीतरी घेताच.’

म्हणजे तिला आधीपासून ठाऊक होतं! मग गालाचं वाक्य तिनं लिहिलं ते खरेपणानं, की चष्मेवाला तपासणार म्हणून? माझे केस काही उन्हात पांढरे झालेले नाहीत, पण याचं उत्तर मला सापडेना.

कालपासून तिच्या दाराला कुलूप आहे. शर्टांचं गाठोडं माझ्याकडे ठेवून गेली. गाठोडं ठेवून गेलेलं माणूस पळालेलं नसतं, नाहीतर फार घाईत पळालेलं असतं.

तू म्हणशील, काम फत्ते झालं. झालं खरं. तिकडे लोकांनी दगड मारून गाव सोडायला लावलं, तू एका पाकिटात भागवलंस. ये बारा तारखेला, घर तुझंच आहे. पण दारोदार जाऊन सांगायचं असेल तर त्या जिन्यावर मी तुझ्याबरोबर नाही. आणि येण्याआधी त्या तापाची चौकशी कर. तिनं वाचताना गाळलं म्हणून तू तिला धरलंस. तू कात्रीनं गाळलंस त्याचं काय?

चष्मेवाला विचारतो, आता त्यानं दूध आणून दिलं तर मी पिईन का? मी म्हटलं, तुझ्या हातचं पाणीसुद्धा नको, तू भिंगं पुसायचं औषध आणि सरबत एकाच फळीवर ठेवतोस.

(अंगठा. आजी.)


१३ फेब्रुवारी

आजी,

बारा तारखेला येऊ शकले नाही. कारण लिहिते.

मी त्या आईकडे परत गेले. दारातच उभं राहून विचारलं, त्या दिवशी सकाळी ताप होता ना? ती म्हणाली, होता. मग? मग औषध देऊन पाठवलं. कोणतं? तिनं सांगितलं. तसलंच, गुंगीचं. बाईंना सांगितलं होतंत? ती म्हणाली, ‘आजारी मूल त्या घेत नसत. माझी नोकरी नवी होती. सांगितलं असतं तर त्याला घेऊन मी कुठं गेले असते?’

मग मी निघाले तेव्हा मागून म्हणाली, ‘पण बाटली तर तिच्या फडताळात सापडली ना?’

ते खरंच आहे, आजी. बाटली सापडली होती. मला वाटलं होतं मी एक गाठ सोडवायला जाते आहे, परत येताना हातात दोन होत्या.

शेवटचा शॉट मी काढून टाकला. तापाचा प्रसंग परत घातला. आमचा निर्माता कपाळाला हात लावून बसलाय. म्हणतो, वीस मिनिटं बघून प्रेक्षक बाहेर पडणार आणि त्याला कळणारच नाही की तिनं केलं की नाही! मी म्हटलं, मलाही कळत नाही. तो म्हणाला, मग फिल्म कशाला काढलीस? तू असतीस तर उत्तर दिलं असतंस, मी परत एडिटिंगला बसले.

लेखणीबाई परत आल्या असतील तर त्यांना हे वाचू दे. मी दाराशी जाणार नाही, कुणाच्याच. माझी चूक झाली असंही म्हणवत नाही आणि नाही झाली असंही.

पण आजी, मी येईपर्यंत दूध पिऊ नकोस. एवढं ऐक.

तुझी भिंगरी


२१ फेब्रुवारी

भिंगरीस आजीचा आशीर्वाद.

अक्षरावरून ओळखलंस ना? आली परत. गाठोडं न्यायला. दुसरीकडे खोली बघून ठेवली होती म्हणे, दाराशी उभी राहूनच ‘माझे शर्ट द्या’ म्हणाली. शर्ट पलंगाखाली, मी पलंगावर. मी उठलेच नाही. म्हटलं, गुडघा ठणकतोय, तू वाकून घे. आणि वाकलीच आहेस तर बस जरा, नातीचं पत्र आलंय, वाचून दाखव.

सगळं वाचलं तिनं. ‘दूध पिऊ नकोस’ हेसुद्धा, अगदी तुझ्या सुरात. त्या आईचं आलं तिथं थांबली. या खेपेला पाणी प्यायला उठली नाही. ‘औषध देऊन पाठवलं’ तेवढंच परत वाचलं, माझ्यासाठी नाही.

मग मी विचारलं. इतके दिवस विचारलं नव्हतं, उत्तर आलं तर त्याचं काय करायचं ते ठाऊक नव्हतं म्हणून. म्हटलं, दिलं होतंस का गं?

ती म्हणाली ते जसंच्या तसं तिलाच लिहायला लावते आहे. ‘खूप रडत होतं. अंग गरम लागत होतं. बाकीची नुकती झोपली होती. अर्धा चमचा दिला. आईनं दिलंय हे सांगितलं असतं तर नसता दिला.’

मी म्हटलं, आणि त्याच्या आधी? दुसऱ्या मुलांना कधी?

ती सुई शोधायला लागली.

लिही गं. हे पण लिही.

आता भिंगरे, गंमत बघ. चष्मेवाला बहिणीकडे गेलाय, आठवडाभर दुकान बंद. हे पत्र मला दुसऱ्यांदा वाचून दाखवायला कुणी नाही आणि लेखणीला ते ठाऊक आहे. मी सांगते ते ती लिहिते आहे, की ‘आजी मजेत आहे, थंडी कमी झाली’ असलं काहीतरी, मला कळायला मार्ग नाही. नुसता टाक चालताना दिसतो. अर्ध्या चमच्याचं तुला वाचायला मिळालं असेल, तर समज की कुणी बघत नसताना तिनं ते लिहिलं. नसेल मिळालं, तर ही ओळही तुझ्यापर्यंत आलेली नाही आणि मी छताशी बोलते आहे. सवय आहे मला.

तू विचारशील, आता तिला घरात कशी येऊ देतेस? मीही स्वतःला तेच विचारते. चांगली आहे म्हणून येऊ देते असं नाही. ती चांगली आहे की नाही, हे मी अजून ठरवलेलं नाही. पण लपवायला पूर्ण मोकळीक असलेलं माणूस माझ्यासमोर बसून काय करतं, ते मला बघायचं आहे. या वयात दुसरी करमणूक काय?

माझ्या दुधाचंही विचारलं. म्हटलं, माझ्या कपात काय असतं? तर हसली. पहिल्यांदाच हसताना बघितली. म्हणते, ‘आजी, तुमच्या कपात पाणीच जास्त असतं, दूधवाल्याला विचारा.’ हे काही उत्तर नव्हे. पण दूधवाल्यावर माझा आधीपासून संशय होताच.

तुझा पिक्चर घेऊन ये. इथंच भिंतीवर लाव. मी, लेखणी आणि चष्मेवाला, त्याला आपला चष्मा सापडला तर, तिघं बसून बघू. शेवटी काही कळत नाही म्हणतेस ना? बरं केलंस. निर्मात्याला सांग, माझी आजी रोज दुपारी तेच बघते आणि तरी दुसऱ्या दिवशी परत बघायला बसते.

कप आलाय. आज मी म्हटलं, आण इकडे, मलाही गालाला लावून बघू दे. लावला. नुसता कोमट. गालाला काय कळतं आत काय आहे ते? तेवढं तर तुझ्या कॅमेऱ्यालाही कळलं नाही.

पिते आहे. तू नको म्हटलंस, तरी पिते आहे. पत्र इथंच तुटलं तर घाबरू नकोस, दुपार झाली असं सम


आजींना झोप लागली आहे. अंगठा राहिला. पत्र तसंच टाकते.

कपात उरलेलं मी प्यायले.

लेखणी